तटावरच्या घराचा अर्ज

आमच्या क्वार्टरमध्ये दर रविवारी सकाळी भोपाळला वेढा पडत असे. कारखान्याच्या वसाहतीत त्या दिवशी भोंगा वाजत नसे. एरवी आमचे उठणे, आंघोळी, शाळा आणि आईचा स्वयंपाक यांची व्यवस्था तो भोंगाच लावून देई. रविवारी वेळ मोकळा पडे आणि बाबा तो इतिहासाने भरून काढीत. आठवडाभर ते वाइंडिंग विभागात अवाढव्य यंत्रांच्या पोटात तांब्याच्या पट्ट्या बसवीत. रविवारी पोह्यांच्या बशा रिकाम्या झाल्या की ते आईची परात जमिनीवर ओढून घेत आणि तिच्या मधोमध कालची ज्वारीची भाकरी ठेवीत. भाकरी म्हणजे शहर. पश्चिमेला ताकाचा मोठा वाडगा आणि दक्षिणेला ताकाचीच लहान वाटी, हे दोन तलाव. भाकरीच्या कडेने कुरडईचे तुकडे उभे केले की तट तयार होई, आणि तटाबाहेर भाजलेल्या शेंगदाण्यांची छावणी पडे. शेंगदाणे म्हणजे आपण, मराठे. आई म्हणे, लढाया करायच्या तर बुद्धिबळाचा पट आणा, माझी परात सोडा. पण ती शेंगदाणे मात्र आदल्या दिवशीच भाजून ठेवी.

साताऱ्याकडच्या माझ्या चुलतभावांच्या गोष्टींत आपण नेहमी गडावर असू आणि शत्रू पायथ्याशी. भोपाळच्या गोष्टीत आपण खाली, आणि तटावर दुसरेच कोणी. या शहरावर किती वेळा फौजा चालून आल्या ते बाबा बोटांवर मोजून सांगत. पेशव्यांच्या घोडदळाने निजामाला याच शहरात कोंडले आणि धान्याची एक गोणीही आत जाऊ दिली नाही, हे सांगताना त्यांचा आवाज चढे आणि ताकाच्या वाडग्याला धक्का लागे. मग पेंढारी येत, जाळपोळ करून जात. शेवटी ग्वाल्हेर आणि नागपूर अशा दोन्हीकडच्या फौजा एकत्र होऊन महिनोन्‌महिने तटाखाली बसत. या शेवटच्या वेढ्यापाशी आले की बाबांचा आवाज खाली येई, कारण तो वेढा उठवून आपण परत गेलो होतो. ते एवढेच म्हणत, की छावणीत पटकी पसरली, त्याला कोण काय करणार.

या वाक्यावर न चुकता हसणारा मनुष्य म्हणजे मुनीरचाचा. ते बाबांच्याच विभागात, बाबांच्याच बाकावर समोरासमोर काम करीत, आणि दर रविवारी जुन्या शहरातून सायकल मारीत आमच्याकडे येत. भोपाळी रिवाजाप्रमाणे ते प्रत्येकाला ‘खां’ म्हणत. त्यामुळे काळे आडनावाचे आमचे बाबा ‘काले खां’ झाले होते आणि शेजारच्या कुलकर्णी काकूंनी हे ऐकून आईला काळजीच्या सुरात काही विचारलेही होते. चाचांच्या कमरेला मण्यांचा बटवा असे, त्यातून ते सुपारी काढीत, आणि हाताला दुसरे काही न मिळाल्यास बाबांची छावणी खात. “लो काले खां,” ते शेंगदाणे तोंडात टाकत म्हणत, “तुम्हारी आधी फौज तो हम चबा गए. अब लड़ो.” मग ते तोच वेढा आतून सांगत. त्यांच्या आजोबांच्या आजीने चिंचेचा पाला उकडून मुलांना घातला होता. पुरुष कमी पडले तेव्हा बायका तटावर चढल्या आणि घरांची कौले, पाटे-वरवंटे खाली फेकू लागल्या. बाबा म्हणत, पाटे-वरवंट्यांचा उल्लेख मी कुठेच वाचलेला नाही. चाचा म्हणत, ज्याच्या डोक्यात पडला तो लिहायला राहिला नाही. आई स्वयंपाकघरातून हसे.

चाचांच्या बोलण्याला वजन यायचे कारण त्यांचे घर. जुन्या शहरात, बुधवारा मोहल्ल्यापलीकडच्या एका गल्लीत पत्र्याच्या छपराच्या दोन खोल्या आणि एक अंगण, इतकेच ते होते. पण त्याची मागची भिंत म्हणजे जुन्या शहराच्या तटाचाच, शहरपनाहचाच, एक तुकडा होता. अडीच हात जाड. वर्षानुवर्षांच्या चुन्याखाली ती कोणाला ओळखू येत नसे, पण उन्हाळ्यात चाचींनी दिलेला मिठाचा चहा पीत त्या भिंतीला पाठ लावून बसले की गारवा थेट हाडांत शिरे. चाचांनी याच घरासाठी कारखान्याचे क्वार्टर नाकारले होते. क्वार्टर नोकरीपुरते असते, घर आपले असते, असे त्यांचे म्हणणे. निवृत्तीला वर्षही उरले नव्हते, आणि आपण त्या भिंतीला पाठ लावून उरलेले दिवस काढणार, याबद्दल त्यांच्या मनात शंका नव्हती.

येथे माझ्याविषयी थोडे सांगणे भाग आहे. अकरावीच्या परीक्षेत गणिताने मला दोनदा अडवले, आणि तिसऱ्यांदा बसण्यात स्वाभिमानी मनुष्याला अर्थ वाटू नये, असे माझे मत झाले. बाबांचे मत वेगळे होते, पण माझ्या अक्षराबद्दल आणि हिंदीबद्दल वसाहतीत दुमत नव्हते. रजेचे अर्ज, क्वार्टर-बदलीचे अर्ज, नळाला पाणी कमी येत असल्याचे अर्ज घेऊन लोक माझ्याकडे येत. ‘सविनय निवेदन’ आणि ‘करबद्ध प्रार्थना’ यांतला फरक मला त्या वयातच ठाऊक होता. आज कचेरीसमोर टाइपरायटर घेऊन बसणाऱ्या आम्हा अर्जलेखकांत माझ्या भाषेचा दर्जा काय आहे, हे मी स्वतः सांगणे योग्य नव्हे. ते वकील मंडळी सांगतात. चाचा मात्र तेव्हापासूनच मला ‘मुंशी मियां’ म्हणत, आणि ते थट्टेने म्हणतात की कौतुकाने, याचा मी विचार केला नव्हता.

एका रविवारी चाचा आले ते शेंगदाण्यांना न शिवता बसून राहिले. त्यांच्या गल्लीतून रस्ता रुंद होणार होता. प्रत्येक घराला नोटीस आली होती: घराचे कागद दाखवा, नाहीतर जागा सोडा. कागद गल्लीत कोणाकडेच नव्हते. मात्र ज्यांचे राहणे जुने आणि जागा खाजगी ठरेल, त्यांना शहराबाहेर, मिसरोदच्या बाजूला एकेक लहान प्लॉट मिळणार, असे ऐकू येत होते. त्यासाठी अर्ज करायचा होता. गल्लीतली बाकीची मंडळी कचेरीबाहेरच्या एका म्हाताऱ्या अर्जनविसाकडून सरसकट एकच अर्ज लिहून घेत होती. चाचांना मात्र तो अर्ज माझ्याकडून लिहून हवा होता.

“मुंशी मियां, दो लाइन लिख दो,” ते म्हणाले. “हम यहीं पैदा हुए, हमको यहीं रेने दो. नहीं तो बदले में जगा दो. बस.”

दोन ओळी. मला तो माझ्या लेखणीचा अपमान वाटला. मी चाचांना समजावून सांगितले, की अशा दोन ओळींचे शेकडो कागद त्या टेबलावर पडत असतील. साहेबाची नजर खिळवून ठेवायची तर या घराची थोरवी त्याला कळली पाहिजे. हे घर साधे घर नव्हे. या शहरासाठी एवढ्या लढाया झाल्या, त्या ज्या तटाने झेलल्या, त्या तटाला ते टेकलेले आहे. असे घर पाडायला कोणाचा हात धजेल? चाचांनी बाबांकडे पाहिले. बाबांचे डोळे चमकत होते. आणि मग जे झाले ते आम्ही तिघांनी मिळून केले, हे मी येथे नमूद करतो. माझा भार हलका व्हावा म्हणून नव्हे, तर ते खरे आहे म्हणून.

पुढचे चार दिवस बाबा कामावरून सुटले की सरळ घरी येत, चाचा त्यांच्याबरोबर येत, आणि आम्ही परातीऐवजी माझ्या मेजाभोवती बसत असू. बाबा बाहेरची बाजू सांगत, चाचा आतली. चहा होई, थालीपिठे होत, चाचा आईला सांगत की भाभी, आज चिंचेचा पाला नको, आज आम्ही जिंकणार आहोत. पहिल्या परिच्छेदात प्रार्थ्याची, म्हणजे अर्जदाराची, ओळख झाली, दुसऱ्यात पेशवे आणि निजाम. तिसऱ्या परिच्छेदात शेवटचा वेढा आला आणि माझी लेखणी थांबली, कारण तेथे काय लिहावे हे बाबांना विचारल्याशिवाय मी लिहू शकत नव्हतो.

“लिही,” ते म्हणाले, “दोन्ही फौजा त्या तटावर डोके आपटून परत गेल्या, असंच लिही. पटकीचं काही लिहू नकोस.”

चाचांनी बटवा उघडला होता, तो तसाच मिटला. इतक्या रविवारांत हे वाक्य त्यांनी बाबांच्या तोंडून कधी ऐकले नव्हते. ते उठून उगाच खिडकीपाशी गेले आणि परत येऊन बसले. मी लिहिले: ‘प्रार्थी के घर की पिछली दीवार वही शहरपनाह है, जिस पर दो-दो रियासतों की फौजें सिर पटककर लौट गईं.’ लिहून झाल्यावर मी ते वाचून दाखवले. आजवर हजारो अर्ज लिहूनही त्याहून चांगले वाक्य मला साधलेले नाही.

अर्ज द्यायला मी चाचांबरोबर गेलो. साहेब वयाने लहान, चष्मा लावलेले, वागायला सभ्य होते. समोरच्या गठ्ठ्यातले कागद ते न वाचताच बाजूला सारीत होते. आमचा मात्र त्यांनी पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचला. तिसऱ्या परिच्छेदाशी ते थांबले, पुन्हा वाचले, आणि त्या ओळीखाली लाल पेन्सिलीने रेघ ओढली. मला वाटले, रसिक मनुष्य आहे. ते म्हणाले, “भाषा बहुत अच्छी है. किसने लिखा?” चाचांनी माझ्या खांद्यावर हात ठेवून मला पुढे केले. वसाहतीजवळच्या हबीबगंजपर्यंत परत येताना बसमध्ये चाचा त्या लाल रेघेविषयीच बोलत होते.

महिन्याभराने आदेश आला. चाचा उर्दू भराभर वाचत, पण कचेरीची हिंदी त्यांना अवघड जाई, म्हणून ते लिफाफा न फोडताच आमच्याकडे घेऊन आले. बाबा घरी नव्हते. मी मोठ्याने वाचायला लागलो. गल्लीतल्या बाकीच्या अर्जदारांना प्लॉट मंजूर झाल्याची यादी आधी होती. त्यानंतर चाचांचे नाव होते. प्रार्थ्याच्या स्वतःच्या कथनानुसार, परिच्छेद तीन, त्याचे घर जुन्या शहराच्या तटाला लागून, किंबहुना तटावरच उभे आहे. तट ही शासनाची मालमत्ता. म्हणून हे बांधकाम शासकीय जागेवरील अतिक्रमण ठरते आणि बदली जागेचा प्रश्न उद्भवत नाही.

गल्लीतली सगळीच घरे त्या भिंतीला टेकलेली होती. पण बाकीच्यांच्या अर्जांत भिंत नव्हती. म्हणून कागदोपत्री त्यांच्या घरांमागेही ती नव्हती. त्या म्हाताऱ्या अर्जनविसाला हे ठाऊक असणार. कागदावर जे नाही ते कचेरीत नसते, हे या धंद्यातले पहिले ज्ञान मला त्या दिवशी झाले, आणि ते चाचांच्या घराच्या किमतीत झाले.

यादीपर्यंत मी मोठ्याने वाचले होते. पुढचे डोळ्यांनी वाचले आणि तोंड मिटले. चाचांनी विचारले की आपले नाव कुठे आहे. मी म्हणालो, नामंजूर झाले आहे. ते कागदाकडे पाहत राहिले. मग त्यांनी स्वतःच कारण शोधले.

“कारखाने की नौकरी है, इसलिए?”

हो म्हणायला फार थोडा श्वास लागतो. मी म्हणालो, “हां चाचा. वही लिखा है.”

त्यांनी मान हलवली. सरकारी नोकरीच्या माणसाला गरीब कोण म्हणणार, असे काहीसे ते पुटपुटले. आईने चहा केला होता तो त्यांनी संपवला, कप स्वतः आत नेऊन ठेवला, आणि जाताना मला म्हणाले की तू काही कमी केले नाहीस. आदेश माझ्याच हातात राहिला होता.

संध्याकाळी मी तो बाबांपुढे ठेवला. बाबांनी उभ्यानेच वाचला आणि मग बसले. त्यांनी विचारले, “त्याला सांगितलंस?” मी नाही म्हणालो, आणि काय सांगितले तेही सांगितले. बाबा म्हणाले, “उद्या जाऊन सांग.” मी मान डोलावली. उद्या गेलो नाही, परवा गेलो नाही. बाबा रोज त्याच बाकावर चाचांसमोर बसत होते. त्यांनीही सांगितले नाही. आम्हा दोघांत त्याविषयी पुन्हा शब्द झाला नाही. रात्रीच्या जेवणाला भाकरी झाली की बाबा ती लगेच मोडून घेत.

मी काहीच केले नाही असे मात्र नव्हे. चाचांना न कळवता मी दुसरा अर्ज लिहिला. यावेळी दोनच ओळी: पूर्वीच्या अर्जातील तिसरा परिच्छेद लेखकाच्या अज्ञानामुळे लिहिला गेला असून तो विचारात घेऊ नये. तो घेऊन मी एकटा त्या साहेबांसमोर उभा राहिलो. त्यांनी मला ओळखले, बसायला सांगितले, आणि दोन्ही कागद शेजारी शेजारी ठेवले. त्यांच्या बोलण्यात राग नव्हता, तेच मला अधिक जड गेले. ते म्हणाले की माझ्याकडे आता दोन निवेदने आहेत. एकात भिंत आहे, एकात नाही. जागेवर माणूस पाठवला तर त्याला भिंत सापडेल, आणि मग फक्त हेच घर नव्हे, सगळी गल्ली अतिक्रमण ठरेल. पाठवू का? मी नाही म्हणालो. त्यांनी माझा दुसरा अर्ज माझ्याकडे परत सरकवला. मी उठलो तेव्हा ते म्हणाले, तसाही पहिलाच अधिक चांगला लिहिला आहे.

आता माझ्याकडे येणाऱ्या पक्षकाराला मी प्रथम गप्प बसायला सांगतो. जे विचारले नाही ते लिहू देत नाही. लोक मला कोरडा म्हणतात. कोणी आपल्या घराची, जमिनीची, वाडवडिलांची थोरवी सांगू लागला की मी टाइपरायटरवरून हात उचलून घेतो आणि त्याचे संपेपर्यंत थांबतो. मग विचारतो, वय काय, राहणार कुठले. माझ्या कामाची कीर्ती या कोरडेपणावर उभी आहे.

चाचांचे घर पाडले तेव्हा भर दुपार होती. आम्ही सगळे गेलो होतो. चाचींनी भांडी आणि अंथरुणे आधीच हातगाडीवर बांधली होती. पत्रे पहिल्या झटक्यात निघाले, खोल्या घटकाभरात आडव्या झाल्या. मागची भिंत मात्र हटेना. मजूर घण घालून थकले, त्यांनी बिड्या ओढल्या, पुन्हा घण घातले. चुन्याखालून काळे दगड दिसू लागले. बाबांनी तो तट आयुष्यात प्रथमच इतक्या जवळून पाहिला असेल, पण ते त्याच्याकडे पाहत नव्हते. चाचा पाहत होते. एका मजुराला त्यांनी पाणी दिले आणि म्हणाले, “आराम से, खां. ये जल्दी नहीं मानेगी.” दिवस मावळेपर्यंत ती उभी होती. दुसऱ्या दिवशी यंत्र आणले, असे ऐकले.

चाचांनी अशोका गार्डन नावाच्या वस्तीत रेल्वेरुळांजवळ एक खोली भाड्याने घेतली. निवृत्तीच्या दिवशी विभागाने त्यांच्यासाठी हार, नारळ आणि शाल आणली होती. ते आलेच नाहीत. ज्या नोकरीने घर घालवले, तिच्या हाराला मान द्यायची नाही, असे त्यांनी कोणाला तरी सांगितले होते. बाबांनी ती शाल घरी आणली. ज्या बाकाबद्दल चाचा अभिमानाने बोलत असत तो बाक त्यांनी पुन्हा पाहिला नाही, आणि हे माझ्या दोन शब्दांमुळे, हे वसाहतीत फक्त दोघांना ठाऊक होते. बाबा शाल कपाटात ठेवीत असताना मी दारात उभा होतो. त्यांनी माझ्याकडे पाहिले. मला वाटले, आता ते मला चपला घालायला लावतील आणि हाताला धरून अशोका गार्डनला नेतील. त्यांनी कपाट लावून घेतले.

चाचा आमच्याकडे येईनासे झाले, म्हणून ईदेला मी जाऊ लागलो. बाबा तब्येतीचे कारण सांगत. पहिल्याच वर्षी चाचांनी ट्रंकेतून माझ्या अर्जाची नक्कल काढली. ती त्यांनी जपून ठेवली होती, कारण, ते म्हणाले, आमचे घर आता फक्त एवढ्याच कागदावर आहे. खोलीत त्यांचे जावई, शेजारी, दोन-तीन नातलग बसले होते. चाचींनी शेवयांच्या वाट्या फिरवल्या. चाचांनी सर्वांना गप्प केले आणि कागद माझ्या हातात दिला. हा काले खांचा मुलगा, ते म्हणाले, याने लिहिले आहे. मराठा असून लिहिले आहे.

मी वाचायला लागलो. तेव्हापासून चाचा असेपर्यंत दर ईदेला मी ते वाचले, आणि दर वेळी घरून निघताना ठरवले की आज सांगायचे. तिसऱ्या परिच्छेदाशी आलो की चाचा डोळे मिटून घेत आणि मांडीवर हाताने हलका ठेका धरीत. एका वर्षी नेमकी त्याच वेळी बाहेरून मालगाडी गेली आणि माझे शब्द त्यात बुडाले. खोली हलत राहिली. वाट्यांतले चमचे वाजत राहिले. गाडी गेल्यावर सगळे शांत झाले. सांगायला याहून चांगली वेळ मिळाली नसती. चाचांनी डोळे न उघडता हात वर केला आणि म्हणाले, “वो दीवार वाला फिर से पढ़ो, बेटा.”

मी ते पुन्हा वाचले. आवाज स्वच्छ ठेवून, एकही शब्द न गाळता.